ओसेलॉटला मासे देऊन मांजर का होत नाही?

वर विचारलंय की माइनक्राफ्ट या गेममधल्या जंगलात ओसेलॉटला, म्हणजे ठिपक्यांच्या रानमांजराला, एवढे मासे चारले तरी त्याचं मांजर का होत नाही. जुन्या आवृत्तीत व्हायचं. २०१९ च्या १.१४ पासून ओसेलॉट फक्त विश्वास ठेवतं, पळून जायचं थांबतं, बास. पाळायची मांजरं आता गावात सापडतात.

कच्चा कॉड किंवा सामन हातात धरा आणि जागचे हलू नका. मांजर आपणहून जवळ येतं, थांबतं, पुन्हा येतं. तेव्हा घाई केली की गेलंच ते! जवळ आल्यावरही दर माशाला ते पाळीव होण्याची साधारण तीनात एक संधी असते, म्हणून आठ-दहा मासे जवळ ठेवा. इथे इंदूरला रामबागेत माझी भाची सुट्टीत आली होती, तिला हे थांबणं शिकवायला दोन दुपारी लागल्या. पण मांजर बसलं तेव्हा तिचा चेहरा बघण्यासारखा होता. शिवाय मांजर जवळ असलं की क्रीपर, म्हणजे जवळ येऊन फुटणारे राक्षस, लांब पळतात, घराला मोठा आधार.

लांडगा पाळायचा तर त्याला हाडं द्या, तिथेही तीनात एकच संधी. त्याला लढाईत नेत असाल तर आधी आर्माडिलो या कवचवाल्या प्राण्याच्या सहा खवल्यांचं चिलखत करा. आणि कृपा करून पोपटाला कुकी देऊ नका, तो मरतो. त्याला बियाच द्या. भाचीचा हिरवा पोपट असाच गेला, ती संध्याकाळभर जेवली नाही.