लढाईच्या जागेवरच्या पुंगळ्या-गोळ्यांवरून खरंच इतिहास कळतो का?

माळरान: लढायांची वर्णनं, पत्रं, नकाशे सगळं लिहिलेलं असतं ना, मग जमिनीतल्या गंजक्या गोळ्या नवीन काय सांगणार? आणि मेटल डिटेक्टर (धातू शोधायचं यंत्र) घेऊन फिरणाऱ्या एखाद्याने दोन गोळ्या खिशात टाकल्या तर अभ्यासक एवढे का चिडतात? कोणीतरी नीट समजावून सांगा.

खणतीकुदळ: अमेरिकेतल्या लिटल बिगहॉर्नच्या लढाईचं बघ. १८७६ साली अमेरिकी लष्करी अधिकारी कस्टरबरोबरच्या पाच कंपन्यांतला (सैन्याच्या तुकड्यांतला) एकही सैनिक वाचला नाही, म्हणजे लष्कराच्या बाजूने सांगायला कोणी उरलंच नाही, आणि मग शेवटपर्यंत शौर्याने लढल्याची चित्रं रंगवली गेली. त्यांच्याविरुद्ध लढलेले लाकोटा आणि शायेन हे तिथले मूळनिवासी लोक वेगळं सांगत होते पण त्यांचं कोण ऐकतंय! १९८३ला वणवा लागून गवत जळालं आणि पुढच्या वर्षी मेटल डिटेक्टरने अख्खं मैदान पालथं घातलं, सापडली वस्तू की तिथे झेंडी रोवायची आणि जागा नकाशावर मांडायची. गोळी उडवताना बंदुकीतली पिन पुंगळीच्या बुडावर आपटते आणि तिचा ठसा तिथे उमटतो, बोटाच्या ठशासारखा. त्यामुळे एकच बंदूक आधी इथे मग तिथे अशी कुठे कुठे चालली तेसुद्धा काढता आलं. शेवटच्या टेकडीवर सैनिकांच्या पुंगळ्या त्या मानाने कमीच निघाल्या, शिस्त मोडून पळापळ झाली असावी असा अर्थ पुरातत्त्वज्ञ रिचर्ड फॉक्स यांनी लावला. मला तर वाटतं, ज्यांचं म्हणणं शंभर वर्षं बाजूला ठेवलं त्यांच्या बाजूने मातीने साक्ष दिली. आता खिशातल्या गोळीचं सांगतो, गोळी तीच राहते रे, पण ती कुठे पडली होती हे गेलं की पुरावाच गेला.

जुनीनाणी: +१. इंग्लंडमधल्या बॉसवर्थच्या लढाईची (१४८५) तर जागाच चुकीची धरली होती! तोफगोळे सापडत गेले तसं रणांगण तीनेक किलोमीटर सरकलं, तिथेच चांदीचा छोटासा रानडुक्कर मिळाला, तिथे लढलेल्या इंग्लंडच्या राजाचं, तिसऱ्या रिचर्डचं चिन्ह. तो कोणी गुपचूप उचलून विकला असता तर नुसता दागिना राहिला असता.

रानवाट: प्रत्येक ठिकाणी खणतातच असं नाही हां. पोलंडमधली त्रेब्लिंकाची मृत्यूछावणी, जिथे ज्यूंना मारलं, ती नाझींनी १९४३मध्ये पाडली, वरून नांगर फिरवला, ल्युपिनची झाडं लावली, काही घडलंच नाही असं दिसावं म्हणून. ज्यू धर्मात पुरलेल्यांना हलवत नाहीत त्यामुळे पुरातत्त्वज्ञ कॅरोलाइन स्टर्डी कोल्स यांच्या टीमने आधी रडार वगैरे वापरून जमीन न उकरता प्रेतं पुरलेले खड्डे शोधले. ते वाचताना माझ्या अंगावर काटा आला होता. आणि प्लीज, जुना गोळा दिसला तर हात लावू नका, पहिल्या महायुद्धातले गोळे बेल्जियम-फ्रान्सच्या शेतांत अजून निघतात आणि जिवंत असतात.

माळरान: बाप रे, पिनच्या ठशाचं माहीतच नव्हतं. पण @खणतीकुदळ, पुंगळी गंजून ठसा पुसला गेला तर?

खणतीकुदळ: लोखंड गंजतं. पुंगळ्या पितळेच्या किंवा तांब्याच्या, त्या बऱ्याच टिकतात.