'क्लेर दनीची कॅमेरावाली'? अन्येस गोदारबद्दल असं बोलणाऱ्यांसाठी

पडद्यामागे: फ्रेंच छायालेखिका अन्येस गोदार आणि दिग्दर्शिका क्लेर दनी यांच्याबद्दल परवा एका पोस्टमध्ये वाचलं, "अन्येस गोदार म्हणजे क्लेर दनीची कॅमेरावाली. दनी नसती तर कुणी ओळखलं असतं?" तेव्हापासून डोकं तापलंय. (दिग्दर्शक ज्याँ-ल्यूक गोदारची ती कुणी लागत नाही, तेही तिथे दोघांना सांगावं लागलं.) 'पॅरिस, टेक्सास'वर ती कॅमेरा सहायक होती, 'विंग्ज ऑफ डिझायर'वर छायालेखक आँरी आलकाँच्या हाताखाली कॅमेरा ऑपरेटर. १९९८ मध्ये एरिक झोंकाचा 'ड्रीमलाइफ ऑफ एंजल्स', २०१२ मध्ये उर्सुला मायरचा 'सिस्टर' तिनेच चित्रित केला. या दोन्हींत दनी कुठे आहे?

निळूभाऊ: तिला फ्रान्सचं सेझार पारितोषिक कशाला मिळालं? 'बो त्रावाय'ला. म्हणजे दनीच. आणि दनीचा 'व्हाइट मटेरियल' इव्ह कापने चित्रित केला, तरी त्यात दनीच दिसते. सिनेमा दिग्दर्शकाचा असतो. बाई आहे म्हणून डोक्यावर घेऊ नका.

पडद्यामागे: 'बाई' तुम्ही आणलीत, मी नाही. 'बो त्रावाय'च्या शेवटाकडचा प्रसंग आठवा. मुख्य पात्र गालूप चादर ताणून पलंग नीट लावतो, पिस्तूल घेऊन आडवा होतो आणि आपल्याला त्याच्या दंडावरची एक शीर उडताना दिसते. संवाद नाही. एवढ्या जवळ जायचं आणि तिथेच थांबायचं, हे कॅमेऱ्यामागचा माणूस शरीराकडे कसं बघतो त्यावर ठरतं.

लेन्सकॅप: सहायकाचा विषय निघालाच आहे तर बोलते. मी सात वर्षं फोकस पुलर होते, म्हणजे शॉट चालू असताना फोकस सांभाळणारी सहायक. एका मालिकेच्या सेटवर रोज ऐकायचे, "ताई, तुम्ही मॉनिटरपाशी बसा, कॅमेरा जड आहे." टेप लावून अंतर मोजायचे मी, खुणा करायचे मी. नट खूण सोडून दोन पावलं पुढे आला की शॉट सॉफ्ट, म्हणजे धूसर जायचा आणि सगळ्यांदेखत बोलणी मला. श्रेयनामावलीत नाव एकदाही नाही.

निळूभाऊ: हे बाईचं दुखणं नाही, सेटचं आहे. माझा भाचा लाइटमन. सोळा तासांची शिफ्ट, पैसे तीन महिन्यांनी. त्याचं नाव कुठे येतं?

लेन्सकॅप: भाच्याला कुणी "तू बस, लाइट जड आहे" म्हणालं का? माझं सांगणं संपायच्या आत तुम्ही तुमचं पुढे केलंत. सेटवरही हेच व्हायचं.

निळूभाऊ: बरं. ते कुणी म्हणालं नाही त्याला. चुकलं माझं.

पडद्यामागे: मूळ मुद्दा. २०२१ मध्ये कान महोत्सवात गोदारला छायालेखकांना दिला जाणारा आंजेन्यू सन्मान मिळाला. तोच २०२४ मध्ये पुण्याच्या एफटीआयआयमध्ये शिकलेल्या संतोष सिवनना मिळाला. 'रोजा', 'इरुवर', 'दिल से'. त्यांना 'मणिरत्नमचा कॅमेरावाला' म्हणाल?

निळूभाऊ: नाही म्हणणार. काल रात्री 'सिस्टर' पाहिला. शेवटी पोरगा खाली येतोय, त्याची 'बहीण' वर चाललीय, रोपवेचे दोन पाळणे समोरासमोरून जातात. झोप आली नाही नंतर. 'दनीची' हा शब्द मागे. पण तो शेवट सुचला मायरला, हे मी सोडणार नाही.

लेन्सकॅप: नका सोडू. त्या काचेमागचे चेहरे फोकसमध्ये कुणी ठेवले, तेवढं मात्र श्रेयनामावली थांबवून वाचा.