मदत हवी आहे : टॉम आणि जेरीचं 'रॉयल कॅट नॅप' पूर्ण रुंदीत कुठे मिळेल?

नमस्कार मंडळी,

सुट्टीत सोसायटीच्या गच्चीवर पडदा लावून मुलांना टॉम आणि जेरीची शिलेदारांची चार कार्टून्स दाखवायची आहेत : 'द टू माउसकेटिअर्स' (१९५२), 'टूशे, पुसी कॅट' (१९५४), 'टॉम अँड शेरी' (१९५५) आणि 'रॉयल कॅट नॅप' (१९५८). पहिल्याला ऑस्कर मिळालं होतं, ते सहज सापडलं. घोडं अडलंय शेवटच्यापाशी.

टॉम आणि जेरीचे जनक हॅना-बार्बेरा यांनी हे सिनेमास्कोपमध्ये, म्हणजे खूप रुंद पडद्यासाठी केलं होतं. मला मिळालेली प्रत जुन्या टीव्हीच्या चौकटीत बसवलेली आहे, म्हणजे चाळीस टक्क्यांहून जास्त चित्र कापलं गेलंय. यात राजा झोपलाय आणि त्याची झोपमोड झाली तर मुंडकं उडेल अशी टॉमला तंबी आहे. तेवढ्यात जेरी आणि त्याचा चिमुकला उंदीर साथीदार टफी राजाच्या खाण्यावर डल्ला मारायला येतात. बिचाऱ्या टॉमला मार खाऊनही हूं की चूं करता येत नाही! एकीकडे राजा, दुसरीकडे उंदरांचा धिंगाणा आणि मधे जीव मुठीत धरून पळणारा टॉम, हे एका नजरेत दिसलं तरच मजा. कापलेल्या प्रतीत आवाज येतो, पण तो कशाचा हे कळायच्या आत दृश्य पुढे सरकतं. शेवटी टफी 'फ्रेर जाक' हे फ्रेंच बालगीत गाऊन राजाला पुन्हा झोपवतो आणि टॉम वाचतो, तो प्रसंग तर मुलांनी नीट पाहायलाच हवा.

तर जाणकारांनी कृपया सांगा :

पूर्ण रुंदीची प्रत कोणत्या डीव्हीडी किंवा ब्लू-रे संचात आहे? ऑनलाइन अधिकृतपणे कुठे दिसत असेल तर उत्तमच. मामेभाऊ अमेरिकेहून येतोय, तो डिस्क आणू शकेल. पण डीव्हीडीला जगाच्या भागानुसार रीजन कोड असतो आणि दुसऱ्या रीजनच्या प्लेअरवर ती सहसा चालत नाही; तिकडची डीव्हीडी रीजन १ ची आणि आपला रीजन ५. सगळे रीजन चालवणारा प्लेअर कुणी वापरला असेल तर कोणता घ्यावा?

आणखी एक. 'द टू माउसकेटिअर्स'च्या शेवटी टॉम गिलोटिनखाली, म्हणजे मुंडकं उडवणाऱ्या यंत्राखाली जातो. पातं पडताना लांबून दिसतं, रक्तबिक्त काही नाही, पण प्रेक्षकांत पाच-सहा वर्षांची पोरं असतील. तुम्ही तुमच्या मुलांना दाखवलं असेल तर ती घाबरली का? मला स्वतःला तो शेवट कापायचा नाहीये, पण मग ते आधी दाखवून 'रॉयल कॅट नॅप'ने सांगता करावी असा विचार आहे.

फोन किंवा टीव्हीवर स्वतः पाहून खात्री केलेली प्रत सुचवलीत तर फार उपकार होतील.