रीमा लागू : हिंदीने आपली नटी वाया घालवली का?

विंगेतला :
बाईंचा जन्म १९५८चा. 'मैंने प्यार किया' आला १९८९ मध्ये, म्हणजे एकतिशीत त्या सलमानच्या आई झाल्या. 'वास्तव'मधला मुलगा संजय दत्त तर जेमतेम वर्षभराने लहान! आणि ही कोण बाई? जयवंत दळवींच्या 'पुरुष' नाटकातली अंबिका. 'सविता दामोदर परांजपे' नाटकात कुसुम आणि तिला झपाटणारी सविता, दोघी एकाच अंगात उभ्या करणारी. अशा नटीला हिंदीने नेलं आणि हातात आरतीचं ताट दिलं. माझ्या मते हा सरळसरळ अपव्यय आहे.

बाल्कनीवाली :
नेलं म्हणजे? स्वतःच्या पायांनी गेल्या की. नाटकाच्या नाईटवर, म्हणजे प्रयोगामागे मिळणाऱ्या पैशांवर, मुंबईत घर कसं चालतं ते एकदा हिशोब मांडून सांगा. त्यांच्या आई मंदाकिनी भडभडे रंगभूमीवरच्याच, त्यामुळे हा धंदा किती देतो हे घरात ठाऊक नसेल होय?
आणि मराठीत चाळिशीच्या बाईला कोणती मोठी भूमिका लिहून ठेवली होती? 'आई रिटायर होतेय' नाटकातली म्हणाल, तर ती भक्ती बर्वेंनी केली. शिवाय तीही आईच!

तिसरी घंटा :
विंगेतले, 'वास्तव'चा शेवट विसरलात. बाईंची शांता पोटच्या पोराला गोळी घालते. तिथे कुठलं आरतीचं ताट?
आणि 'तू तू मैं मैं' मालिकेतली सासू? सुप्रिया पिळगांवकर समोर असताना टाळी खेचून नेणं सोपं नाही. ते टायमिंग नाटकवाल्यालाच जमतं.

विंगेतला :
'वास्तव' मान्य. पण तिथे दिग्दर्शक महेश मांजरेकर, बाप शिवाजी साटम, मित्र देडफुट्या संजय नार्वेकर. ते घर मराठी नाटकाचंच होतं, फक्त हिंदी बोलत होतं. म्हणजे माझाच मुद्दा झाला!

तिसरी घंटा :
हे भारी आहे. चांगलं ते मराठीचं, बाकीचं हिंदीचं.

बाल्कनीवाली :
तेच म्हणतेय. नायकाच्या आईला मोजून चार प्रसंग मिळायचे, तरी लोकांना नाव पाठ होतं. हे वाया जाणं असेल तर असंच जावं.
फक्त एका गोष्टीत विंगेतल्यांच्या बाजूने. 'सविता' पाहिलं तेव्हा मी अकरावीत होते, शेवटून दुसरी रांग. बाईंचा आवाज बदलला आणि शेजारच्या अनोळखी काकूंनी माझा दंड घट्ट धरला. मध्यंतरात वड्याच्या रांगेत त्या माझ्या पुढेच होत्या. पैसे देताना हात थरथरत होता. हे मला पडद्यावर परत नाही मिळालं.