गेमसाठी बनवलेल्या बेटांवर 'आवाजाची भरती' येते, कारण द्यावं की नको?

बेटकरी_दादर
मंडळी, जरा डोकं चालवा. आम्ही पाच जण दर शनिवारी मित्राच्या घरी बसून फासे टाकत रोलप्लेइंग गेम खेळतो, गोष्ट मी चालवतो आणि बाकीचे चौघं त्यात धुडगूस घालतात. जग माझंच आहे, खारसात नावाची सात बेटं (हो, मुंबईवरूनच ढापलंय). तर या बेटांवर काही रात्री भरतीची वेळ होते पण पाणी येत नाही, वाळू कोरडीच राहते आणि पाण्याऐवजी आवाज चढतात. आधी घोट्यापाशी कुजबुज, मग गुडघ्याला, मग कमरेला, आणि डोक्यावरून गेले की स्वतःचा आवाजही ऐकू येत नाही. त्या किनाऱ्यावर कधीकाळी लोक जे बोलता बोलता अर्ध्यात थांबले तेवढंच येतं, पूर्ण झालेलं वाक्य कधीच नाही. आणि ओहोटीला तुम्ही त्या वेळात बोललेले शब्द सोबत जातात, परत तोंडात येत नाहीत. आमच्यातला एक घाबरून आईच्या नावाने ओरडला, आता त्याच्या कॅरेक्टरला आईचं नावच घेता येत नाही.

घोळ असा की दुसरा एक जण, हाडाचा इंजिनियर, दर वेळी विचारतो "पण हे होतं का?" मी समुद्राच्या तळाशी पुरलेला एक जादूगार लिहून ठेवलाय पण मलाच तो पटत नाहीये. काय करू?

अर्धी_कटिंग
जादूगार नको रे बाबा. प्रत्येक तळाशी एक जादूगार असतोच, कंटाळा आला आता.

वरळीची_पोर
कारण राहू दे, आधी वेळ ठरव. "काही रात्री" म्हणजे कधी? आमच्याकडे घरात लहान पोरांनाही हिशेब माहीत, तिथीची पाऊणपट करायची, जो आकडा येईल त्या सुमाराला भरती. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. दोन्ही पक्षांत तेच, पौर्णिमेनंतर परत एकपासून मोजायचं. अंदाजच आहे, पण चुलीपाशी बसून करता येतो. अमावस्या-पौर्णिमेला उधाण आणि अष्टमीच्या आसपास भांग, म्हणजे पाणी धड चढत नाही, धड उतरत नाही. तुझे आवाज भांगालाच येऊ देत. अजून एक, डोल जाळ्यात मासळी ढकलायला पाण्याला ओढ लागते, भांगाला ती ओढच नसते, त्यामुळे बरेच जण किनाऱ्यावर गप्पा मारत बसलेले. म्हणजे ऐकायला माणसंही आहेत आणि अर्धवट सोडायला गप्पाही. बाकी लोक उधाणाला घाबरतात, खारसातवाले भांगाला घाबरतात, हे मला जाम आवडेल.

जुनी_गिरणगाव
वरच्या ताईंना मम. आणि मुंबईवरून ढापलंयसच तर नीट ढाप. वरळी आणि महालक्ष्मीच्या मधून समुद्र आत घुसायचा तो अडवायला हॉर्नबी वेलार्डचा बांध घातला, १७८४ मध्ये पुरा झाला, आज आपण हाजीअलीवरून गाडीने जातो तोच पट्टा. दंतकथा अशी की बांध सारखा ढासळायचा, मग काम बघणाऱ्या पाठारे प्रभू गृहस्थांच्या स्वप्नात देवी आली, म्हणाली समुद्रात माझी मूर्ती आहे ती बाहेर काढा. मूर्ती काढल्या, बांध टिकला, महालक्ष्मीचं देऊळ उभं राहिलं. आता बघ, बांध का पडत होता हे देवीने सांगितलं का? नाही. अट घातली फक्त. आणि आपण ही गोष्ट अजून सांगतोय, "पण का" असं कोणी विचारत नाही. तुझ्या इंजिनियरला अट दे, कारण मागायचं तो आपोआप विसरेल.

अर्धी_कटिंग
किंवा कोकणातल्या चकव्यासारखं कर. आमची आजी सांगायची, चकवा लागला की चालायचं नाही, जागीच बसून उजाडायची वाट बघायची. चकवा कोण, कुठून आला, हे आम्ही पोरांनी कधी विचारलंच नाही, बसायचं कसं तेवढं विचारलं 😄

बेटकरी_दादर
बाप रे, एवढं येईल वाटलं नव्हतं. जादूगार कॅन्सल. अष्टमी पक्की, शनिवारी मी इंजिनियरच्या हातात नुसतं पंचांग देणार आणि गप्प बसणार. पण ज्याचं आईचं नाव गेलं तो रोज मेसेज करतोय की ते परत कसं मिळवू. काही सुचतंय का? फुकट नाही द्यायचंय.

वरळीची_पोर
त्या किनाऱ्यावर ते नाव कधीतरी कोणीतरी उच्चारलेलं असायला हवं ना. आई स्वतःचं घेणार नाही. बाप जुन्या वळणाचा, तो आयुष्यभर "अगं ए" म्हणणार. त्याने नाव घेतलं असेल एकदाच, लग्नात, उखाण्यात. आता पुढच्या अष्टमीला पोरगा किनाऱ्यावर तोंड गच्च मिटून उभा, आवाज छातीपर्यंत आलेले, आणि त्यात बापाचा तरुणपणीचा आवाज, "समुद्राला आली भरती, होडी लागली काठाला..." आणि तिथेच लाजून थांबलेला.

बेटकरी_दादर
अर्धवटच येतं. नियम माझाच. दुष्ट आहेस तू, पण घेतलं.