मदत हवी आहे : सांबरा विमानतळाच्या जुन्या आठवणी

नमस्कार मंडळी. माझी पुतणी बेळगावात कॉलेजला आहे. तिला विमान इतिहासाचा अभ्यास आणि माहितीपट हेच काम म्हणून करायचंय. पहिला विषय तिने घरचाच निवडलाय, सांबरा. 1942 मध्ये रॉयल एअर फोर्सने बांधलेली ही धावपट्टी. 18 डिसेंबर 1961 ला गोवा मुक्तीच्या वेळी इथूनच हंटर लढाऊ विमानं उडाली आणि गोव्यातल्या बांबोळीचं वायरलेस केंद्र उडवून आली. पुण्याहून गेलेल्या कॅनबेरा बॉम्बफेकी विमानांनी गोव्यातल्याच दाबोळीच्या धावपट्टीवर बॉम्ब टाकले, ते सगळ्यांना ठाऊक असतं. सांबऱ्याचं नाव मात्र कुणी काढत नाही, आणि ते मला खरंच लागतं.

सांबरा, मुतगा, निलजी, बाळेकुंद्री भागात ती सकाळ पाहिलेलं कुणी आहे का? तेव्हा दहा वर्षांचं पोर असलेला माणूस आज पंच्याहत्तरीत असणार, म्हणून घाई. मराठी, कन्नड, कुठल्याही भाषेत बोलले तरी चालेल. शेतात काम करताना काय दिसलं, आवाज कसा आला, एवढंही पुरे. तळावर नोकरी केलेल्यांच्या घरी जुने फोटो, वैमानिकाची लॉगबुक (उड्डाणांची नोंदवही) असेल तर आम्ही घरी येऊन स्कॅन करू, मूळ कागद हलवणार नाही.

दुसरं, हवाई दलाच्या जागेजवळ चित्रीकरणाची परवानगी कुणी काढलीय का? अर्ज कुणाच्या नावे करायचा? आणि या क्षेत्रात पोट भरतं का, हेही अनुभवी माणसाने स्पष्ट सांगावं. तिचे आईवडील तेच विचारतायत.