मदत हवी आहे: एकच जनुकबदल समांतर वंशांत घालायचा आहे, तीन ठिकाणी तीन अडचणी

नीलमोहर (धागाकर्ती):
जीवशास्त्रज्ञ रिचर्ड लेन्स्कींच्या दीर्घकालीन प्रयोगातले ई. कोलाय जीवाणूचे वंश वापरते आहे. १९८८ साली एकाच पूर्वजापासून १२ फ्लास्क सुरू झाले, म्हणजे एकाच जीवाच्या १२ समांतर काळरेषाच. 'आरा-उणे १' या वंशात (आरा-उणे म्हणजे अ‍ॅरॅबिनोज साखर न खाणारा, आरा-अधिक म्हणजे खाणारा) स्पो-टी जनुकात झालेला बदल मला पूर्वजात (आरईएल ६०६) आणि तो नसलेल्या तीन वंशांच्या ५०,००० पिढ्यांच्या क्लोनमध्ये (एका पेशीपासून वाढवलेल्या नमुन्यांत) घालायचा आहे. एकाच बदलाचा फायदा कुठल्या इतिहासात किती, ते मोजायचं आहे.

पद्धत पी-कॅस आणि पी-टार्गेट या दोन प्लाझमिडांची (डीएनएच्या छोट्या वर्तुळांची): पहिल्यात डीएनए कापणारं कॅस-९ आणि अ‍ॅरॅबिनोजने चालू होणारी, नवा तुकडा जोडणारी रेड प्रथिनं; दुसऱ्यात कुठे कापायचं ते दाखवणारा गाइड. एलबी माध्यम, ३० अंश, कॅनामायसिन ५० मिग्रॅ/लि., सुरुवातीपासून अ‍ॅरॅबिनोज १० मिलिमोलर. ओडी (कल्चरची गढूळता) ०.५ ला पेशी गोळा. ५० मायक्रोलिटर पेशी, १०० नॅनोग्रॅम पी-टार्गेट, ४०० नॅनोग्रॅम दाता डीएनए (बदल असलेला तुकडा; बाजूचे दोन्ही जुळणारे हात ५०० बेसजोड्यांचे, पूर्वजावरून पीसीआर केलेले). २ मिमी क्युवेटमध्ये २.५ किलोव्होल्टचा विजेचा झटका, तासभर रिकव्हरी, मग पी-टार्गेट शिरलेल्या पेशी निवडायला स्पेक्टिनोमायसिन ५०.

पूर्वजात काम झालं. वंश क (आरा-अधिक): कॉलनी जवळजवळ नाहीत. वंश ख (म्युटेटर, म्हणजे भराभर बदल साचणारा; डीएनए नकलेतल्या चुका सुधारणारी मिसमॅच दुरुस्ती गेलेली): कॉलनी भरपूर, पण सगळ्यांत स्पो-टी जुनाच. वंश ग: बदल आला, पण दोन क्लोनचा फिटनेस (स्पर्धेत वाढण्याची क्षमता) एकमेकांशी जुळत नाही.

गोकर्ण:
आधी क. आरा-उणे पेशी अ‍ॅरॅबिनोज खात नाहीत, त्यामुळे पूर्वजात ते शेवटपर्यंत टिकून रेड प्रथिनं तयार होत राहिली. क ते खाऊन टाकतो. त्याच्यासाठी अ‍ॅरॅबिनोज सुरुवातीला घालू नका. पेशी गोळा करण्याआधी ३० ते ४५ मिनिटं घाला आणि मात्रा २० मिलिमोलर करा. ग्लुकोज कुठूनही येऊ देऊ नका, ते रेड चालू करणारा प्रमोटर (जनुकाची कळ) दाबतं.

दुसरं कारण या वंशांच्या ई. कोलाय बी जातीचं. तिच्यात लॉन प्रोटिएज (प्रथिनं मोडणारं) निकामी आहे. कॅस-९ ने डीएनए कापला की एसओएस प्रतिसाद (डीएनए-इजेचा इशारा) सुरू होतो, विभाजन थांबवणारं सुल-ए प्रथिन साचतं, ते मोडायला लॉन नसतं आणि पेशी न विभागता लांबत जाते. पूर्वजालाही हा त्रास आहेच, पण रेड कमी पडलं की तो जीवघेणा ठरतो. रिकव्हरी एका तासाऐवजी दोन-तीन तास ठेवा.

पण हे सगळं करण्याआधी गाइड नसलेला पी-टार्गेट क मध्ये घालून बघा. तेव्हाही कॉलनी आल्या नाहीत तर दोष तुमच्या पेशींच्या तयारीत आहे, वर लिहिलेलं काही लागू नाही. आणि निवडीला स्पेक्टिनोमायसिनच ठेवा. स्ट्रेप्टोमायसिनला हे वंश मुळातच दाद देत नाहीत.

तेरडा:
ख बद्दल. स्पो-टी मोडून पेशी सुटली असेल असं समजू नका. रेल-ए (स्पो-टीचं जोडीदार जनुक) शाबूत असेल तर स्पो-टी पूर्ण गेलेली पेशी जगत नाही. उरतात दोन शक्यता. एक, ५०,००० पिढ्यांत गाइडच्या २० बेसांत किंवा पॅममध्येच (त्याशेजारची, कॅस-९ ला कापायला लागणारी छोटी खूण) बदल झालाय, म्हणजे कापच बसत नाही. त्या क्लोनचा जीनोम उघडून बघा, पाच मिनिटांचं काम आहे. दोन, म्युटेटर असल्यामुळे कल्चर वाढतानाच कॅस-९ बिघडलेल्या पेशी तयार झाल्या आणि निवडीत फक्त त्याच उरल्या. वाचलेल्या कॉलनीतला पी-कॅस काढून पूर्वजात घाला, मग ताजा पी-टार्गेट द्या. पूर्वजही मेला नाही तर कॅस-९ गेलेलं आहे.

माझं मत विचाराल तर ख मध्ये कॅस-९ चा हट्टच नको. मिसमॅच दुरुस्ती नसलेल्या पेशीत ९० बेसांचा एकपदरी ऑलिगो (डीएनएचा छोटा तुकडा) फारच चांगला बसतो. तो लॅगिंग स्ट्रँडला (डीएनएची नक्कल होताना तुकड्यातुकड्यांनी बनणाऱ्या पदराला) जुळणारा मागवा आणि कॉलनी पीसीआरने चाळा. म्युटेटरला जितक्या कमी पिढ्या हाताळाल तितकं बरं.

गोकर्ण:
ग चा घोळ मला दाता डीएनएत दिसतो. हात पूर्वजावरून घेतलेत. ग मध्ये त्या हजारभर बेसजोड्यांत स्वतःचे बदल असतील, तर पुनर्संयोजन कुठे झालं त्यावर एका क्लोनमध्ये ते पुसले जातील, दुसऱ्यात राहतील. प्रत्येक वंशाचे हात त्याच वंशावरून पीसीआर करा.

शिवाय पॅम मोडण्यासाठी मूक बदल (प्रथिन न बदलणारा) घातला असेलच. मग फक्त तो मूक बदल असलेला नियंत्रण क्लोन चारही पार्श्वभूमींत बनवायला हवा. तो नसेल तर मोजलेला फरक स्पो-टीचा की मूक बदलाचा, हे सांगता येणार नाही. प्रत्येक वंशाचे निदान तीन स्वतंत्र क्लोन घ्या, पूर्ण जीनोम सिक्वेन्स करा आणि बदल शोधणाऱ्या ब्रेसेक या सॉफ्टवेअरमधून काढा.

सिक्वेन्सिंगच्या आधी प्लाझमिड घालवा. ०.५ मिलिमोलर आयपीटीजी या रसायनात रात्रभर ३० अंशाला ठेवलं की पी-टार्गेट जातो, मग प्रतिजैविकाविना ३७ अंशाला पी-कॅस. दोन्ही औषधांच्या प्लेटवर टिपके देऊन खात्री करा. पी-कॅस राहिलेला क्लोन फिटनेसमध्ये हमखास मागे पडतो.

तेरडा:
स्पर्धा लावताना प्रतिस्पर्धी त्याच वंशाच्या मूळ क्लोनचा, उलट आरा खूण असलेला घ्या. आरा-उणे वंशाचे आरा-अधिक उलटे म्युटंट मिनिमल अ‍ॅरॅबिनोज प्लेटवर मिळतात. ते आधी मूळ क्लोनशीच लढवून तटस्थ आहेत का बघा. क साठी पूर्वज आरईएल ६०७ (६०६ चा आरा-अधिक जोडीदार) धरा, ६०६ नव्हे.

डीएम २५ (या प्रयोगाचं ग्लुकोज माध्यम) मध्ये भरलेल्या फ्लास्कात मिलिलिटरला सुमारे ५ कोटी पेशी असतात. दोन्ही एक दिवस वेगळे सरावू द्या, मग प्रत्येकी ०.०५ मिलि ९.९ मिलिमध्ये. सुरुवातीला १०० पट आणि २४ तासांनी १०,००० पट विरळ करून ५० मायक्रोलिटर टीए प्लेटवर (रंगाने आरा खूण दाखवणाऱ्या) पसरा, अडीचशेच्या आसपास कॉलनी येतील. लाल म्हणजे आरा-उणे, फिकट म्हणजे आरा-अधिक.

एका जोडीला दहाएक फ्लास्क लावा. खान आणि सहकाऱ्यांनी २०११ मध्ये आरा-उणे १ च्या पहिल्या पाच बदलांच्या सगळ्या ३२ जोडण्या तपासल्या, त्यांत बहुतेक बदलांचा फायदा पार्श्वभूमी सुधारत गेली तसा घटत गेला. तुमच्या ५०,००० पिढ्यांच्या क्लोनमध्ये फरक बारीकच निघणार, तीन फ्लास्कांत तो गोंधळात बुडेल.

नीलमोहर:
ख चा जीनोम पाहिला. पॅममधल्या दोन जीपैकी एक ए झालाय, म्हणजे काप बसतच नव्हता. ख साठी ऑलिगो मागवते. पॅम मोडायची गरज नसल्यामुळे ऑलिगोत मूक बदल नाही घातला तर चालेल ना?

गोकर्ण:
घाला. बाकी तिन्हींत तो असणार आहे, तुलना एकसारखी हवी. दोन ऑलिगो मागवा: एकात स्पो-टीचा बदल आणि मूक बदल दोन्ही, दुसऱ्यात नुसता मूक बदल.